सायकलच्या स्पोकचा जकार्ड आणि एकाच टोकाला चुकणारे हुक

धोटा | १२ जून, रात्री १०.१०

मंडळी नमस्कार. एक अडचण विचारायची आहे, पण आधी यंत्र काय आहे ते सांगतो, नाहीतर अडचण कळायची नाही.

सोलापुरात अशोक चौकाच्या पलीकडे माझं मोटार रिवायंडिंगचं छोटं दुकान आहे. जळालेली मोटार येते, मी ती उघडतो, जुनी तार काढताना वेढे मोजतो आणि त्याच गेजची नवी तार तेवढ्याच वेढ्यांनी भरतो. ३५ वर्षं हेच काम. वडील यंत्रमागावर जॉबर होते, म्हणजे माग दुरुस्त करणारे, जुळवणारे. शाळेत असताना दुपारी त्यांचा डबा घेऊन मी कारखान्यात जायचो. एकदा त्यांनी मला काखेत धरून मागावरच्या फळीवर चढवलं. खाली उभं राहिलं की चादर दिसते, वर गेलं की जकार्ड दिसतो, म्हणजे कापडात नक्षी काढणारं यंत्र. शेकडो तारा एकदम वर उठत होत्या, खाली बसत होत्या, आणि पुढच्या ठोक्याला भलत्याच उठत होत्या. मी त्यांच्या कानाशी ओरडून विचारलं, "यांना कोण सांगतं?" त्यांनी पुठ्ठ्यांच्या माळेकडे बोट दाखवलं आणि म्हणाले, "भोकं."

त्या उत्तराचा अर्थ मला नीट कळलाच नव्हता. वाचून कळतं, पण हाताला कळत नाही. म्हणून या जानेवारीत, गड्ड्याची जत्रा उरकल्यावर, दुकान बंद केल्यावरचे दोन तास यासाठी ठेवले आणि मेपर्यंत एक लहान जकार्ड बांधला.

सायकलचे जुने ४८ स्पोक घेतले, वरचं टोक वाकवून त्यांचे हुक केले. ४ रांगा, एका रांगेत १२. प्रत्येक हुकाला एक आडवी सुई, ती जीआय तारेची, म्हणजे जस्त चढवलेल्या लोखंडी तारेची. सुईला मधे वेढा देऊन डोळा केला आहे, त्यातून हुक जातो. सुईच्या मागच्या टोकाला बॉलपेनमधली स्प्रिंग, पुढचं टोक फळीच्या भोकातून अर्धा इंच बाहेर. त्या टोकांसमोर सागवानी ठोकळा. मागावर याला सिलेंडर म्हणतात, असतो मात्र चौकोनी. त्याच्या चारही अंगांना ४८-४८ भोकं, आणि त्याच्यावरून पुठ्ठ्याच्या पत्त्यांची माळ फिरते.

ठोकळा एक पत्ता घेऊन सुयांवर येतो. पत्त्याला जिथे भोक आहे तिथे सुईचं टोक भोकात शिरतं, सुई जागची हलत नाही, हुक सरळ उभा राहतो. जिथे भोक नाही तिथे पुठ्ठा सुईला मागे रेटतो आणि सुई हुकाला तिरपं करते. मग हँडल फिरवलं की वरच्या ४ लोखंडी पट्ट्या उचलल्या जातात. उभा हुक पट्टीत अडकून वर जातो, तिरपा हुक चुकतो आणि खालीच राहतो. हुकाला दोरी, दोरीला एक उभा धागा, खाली वजन म्हणून लोखंडी नट. उचललेल्या धाग्यांखालून मी हाताने धोटा सरकवतो, म्हणजे आडवा धागा जातो, फणीने तो ठोकून बसवतो, पुढचा पत्ता. असे ६० पत्ते आहेत, म्हणजे २८८० जागा, आणि प्रत्येक जागी भोक पाडायचं की नाही हे मी चौकटीच्या कागदावर बघून ठरवलं. नक्षी साधी आहे, आठ पाकळ्यांचं फूल. उभा धागा पांढरा, आडवा मरून.

आता अडचण. मेमध्ये सगळं बरोबर चाललं. दोन वेळा पूर्ण फूल उतरलं. गेल्या आठवड्यापासून उजव्या टोकाच्या तीन-चार उभ्या ओळींतले (एका ओळीत ४) हुक, पत्त्याला भोक असूनही, उठत नाहीत. डावीकडचे चोख उठतात. कधी दहाच चुकतात, कधी चौदा. पत्ते मिठाईच्या खोक्याच्या पुठ्ठ्याचे आहेत. ठोकळ्यावर पत्ता धरायला डाव्या टोकाला पितळी खुंटी आहे. उजवीकडचीही होती, पण भोक पाडताना तिथलं लाकूड तडकलं म्हणून काढून टाकली.

आणखी एक. रंग उलटे आले आहेत. मला पांढऱ्यावर मरून फूल हवं होतं, आलं मरूनवर पांढरं. भोकं ठरवताना माझंच काहीतरी उलटं झालं असणार. ते नंतर सगळे पत्ते नव्याने पाडून सुधारीन. आधी हे हुक.

लोलक | १२ जून, रात्री ११.०२

धोटाभाऊ, वाचताना उठून बसलो. माझं घड्याळ दुरुस्तीचं काम आहे, मिरजेला. मला पहिला संशय स्प्रिंगवर. बॉलपेनच्या स्प्रिंगा सगळ्या सारख्या नसतात, एकाच पाकिटातल्यासुद्धा. सुई एकदा मागे रेटली गेली की स्प्रिंगने तिला पुढे आणायला हवं. स्प्रिंग मेलेली असेल तर सुई मागेच राहील, हुक तिरपाच राहील, आणि पुढच्या पत्त्याला भोक असलं तरी उठणार नाही. तुमचं लक्षण तेच आहे.

पण नव्या स्प्रिंगा आणू नका. उजवीकडच्या चार स्प्रिंगा डावीकडे लावा, डावीकडच्या उजवीकडे. दोष स्प्रिंगबरोबर डावीकडे गेला तर स्प्रिंग दोषी. जागीच राहिला तर स्प्रिंगला सोडा आणि दुसरीकडे बघा. बंद पडणाऱ्या घड्याळाला मी आधी हेच करतो. एका वेळी एकच गोष्ट हलवायची, दोन हलवल्या की काहीच कळत नाही.

बीमवाला | १३ जून, सकाळी ७.४०

धोटादादा, दाजी पेठेतनं लिहितोय. आमच्याकडं टॉवेलचे माग हायत, चादरीचे होते ते काढले. तुमचं वाचून आमच्या अण्णांना वाचून दाखवलं. तेबी जॉबर होते, आता ८१ चे हायत, ऐकायला कमी येतंय. त्यांनी दोनदा वाचायला लावलं.

अण्णा म्हणाले, पट्ट्या बघ म्हणावं. वरच्या पट्ट्या एका टोकाला खाली बसल्या असतील तर त्या बाजूच्या हुकांना पकडच मिळत नाही. मोठ्या मागावर उचलायच्या दांड्याचा बोल्ट सैल झाला की हेच होतंय, एका बाजूची नक्षी खाऊन जाते. बघायचं कसं, तर सिलेंडर पूर्ण बाजूला घ्या. सुयांवर दाबच नसला तर सगळे ४८ हुक उभे राहणार. हँडल मारा. ४८ च्या ४८ उठले तर पट्ट्या चांगल्या. मग बिनभोकाचा कोरा पत्ता लावा. एकबी उठायला नको.

पार्क_मैदान | १३ जून, सकाळी ९.१५

मी मूळची सोलापूरची, आता पुण्यात. आमच्या घरात अजून आजीची चादर आहे, मोराची. लहानपणी मी तिच्या दोन्ही बाजू बघत बसायचे. वर जिथे लाल तिथे खाली पांढरं, वर पांढरं तिथे खाली लाल. हे कसं होत असेल असं पंचवीस वर्षांत एकदाही कोणाला विचारलं नाही, आणि आज सकाळी चहा पिता पिता कळलं. धोटाकाका, मनापासून आभार.

बीमवालादादा, एक विचारू? टॉवेलवर ते बारीक लूप असतात ते कसे येतात? चादरीला तर नसतात. कोणी एकेक ओढून काढत नसणार.

बीमवाला | १३ जून, दुपारी २.३०

ताई, जेवणाच्या सुट्टीत लिहितो.

टॉवेलच्या मागाला उभ्या धाग्याचे दोन बीम असतात, म्हणजे धागा गुंडाळलेले रूळ. खालचा बीम कडक ताणलेला, हा टॉवेलचा पाया. दुसरा बीम वर, त्याचा धागा सैल सोडलेला, हा लूपचा. आता फणीकडं बघा. साध्या कापडात फणी प्रत्येक आडव्या धाग्याला कापडाला नेऊन चिकटवते. टॉवेलात तसं नाही. पहिला धागा टाकला की फणी पूर्ण पुढं जात नाही, थोडं अंतर ठेवून थांबते. दुसऱ्यालाबी तसंच. म्हणजे कापड एकीकडं आणि हे दोन धागे थोडे अलीकडं, मध्ये मोकळी जागा. तिसरा धागा टाकला की मात्र फणी पूर्ण ठोक मारते आणि तिन्ही धागे एकदम कापडाला जाऊन भिडतात.

आता काय होतंय बघा. पायाचा धागा ताणलेला हाय, तिन्ही आडवे धागे त्याच्यावरनं घसरत पुढं जातात. पण लूपचा धागा त्या तिघांनी चिमटीत धरलेला असतो, तो बरोबर ओढला जातो. त्याला ताण नाही, मग तो जाणार कुठं? वर उचलतो नि कमान करून बसतो. तेच लूप. फणीनं जेवढी मोकळी जागा सोडली त्याच्या साधारण निम्मी लूपची उंची, कारण धागा वर जाऊन परत खाली येतो.

जुना टॉवेल असला तर एक लूप सुईनं हळू ओढून बघा. शेजारचे लूप एकेक करून सपाट होत जातील, सगळा एकच धागा हाय. चांगला टॉवेल नका घेऊ, खराब होतो.

पार्क_मैदान | १३ जून, दुपारी ३.०५

ओढून बघितलं. सहा लूप सरळ झाले. रोज तोंड पुसते त्या कापडात हे सगळं होतं!

जुनी_पाने | १३ जून, सायंकाळी ६.५०

धोटाजींनी जे हाताने केलं त्याचा मागचा रस्ता सांगतो. जकार्ड हे फ्रान्समधल्या लियाँ शहरातल्या माणसाचं आडनाव, जोसेफ मारी जकार्ड. त्याचं यंत्र १८०४ चं. पण भोकं त्याची नव्हेत. १७२५ मध्ये त्याच लियाँत बाझील बुशाँ नावाच्या कारागिराने भोकं पाडलेली कागदाची लांब पट्टी मागाला लावली होती. तो ऑर्गन हे वाद्य बनवणाऱ्याचा मुलगा. कागद फाटायचा, सुया थोड्या होत्या. तीनेक वर्षांनी फाल्कन याने पट्टीच्या जागी एकमेकांना शिवलेले पत्ते आणले, म्हणजे तुमची माळ. १७४५ च्या सुमारास व्होकान्सॉन याने हे सगळं मागाच्या माथ्यावर बसवून माग आपोआप चालवायचा प्रयत्न केला. हा तोच, ज्याने पंख हलवणारं, दाणे टिपणारं यांत्रिक बदक केलं होतं. त्याचा माग पॅरिसच्या संग्रहालयात पडून होता. जकार्डने तो बघितला, जुळवला, आणि आधीच्या तिघांचं अर्धं राहिलेलं काम एका चालत्या यंत्रात आणलं.

मला यात त्याचा मोठेपणा दिसतो. नवं काही काढण्यापेक्षा दुसऱ्याने सोडून दिलेली वस्तू उघडून ती कुठे अडली हे शोधणं हे फार अवघड काम आहे. धोटाजी रोज मोटारींचं हेच करतात.

१८३९ मध्ये लियाँतच जकार्डचं रेशमी चित्र विणलं गेलं, त्याला सुमारे २४,००० पत्ते लागले. त्याची एक प्रत इंग्लंडमध्ये चार्ल्स बॅबेजकडे होती. बॅबेजने आपल्या गणनयंत्राच्या आराखड्यात हेच भोकांचे पत्ते घेतले. म्हणजे संगणकाच्या इतिहासात मागाचा वाटा आहे, आणि १८७७ च्या जुन्या मिलपासून कापडावर जगलेल्या सोलापूरकरांनी तो हक्काने सांगावा.

धोटा | १३ जून, रात्री १०.४५

सगळ्यांचे आभार. तिन्ही गोष्टी करून बघितल्या, एकेक करून.

स्प्रिंगा अदलाबदल केल्या. दोष जागीच, उजवीकडे. लोलकजी, स्प्रिंग निर्दोष.

ठोकळा बाजूला घेऊन हँडल मारलं. ४८ च्या ४८ उठले. तीन वेळा केलं, तिन्ही वेळा ४८. पट्ट्या ठीक. कोरा पत्ता लावला, एकही उठला नाही. बीमवालादादा, अण्णांना माझा नमस्कार सांगा. त्यांच्या दोन ओळींनी माझी चार दिवसांची शोधाशोध संपली.

म्हणजे यंत्राचा उचलण्याचा भाग चोख आहे. दोष पत्ता आणि सुईच्या भेटीतच. टॉर्च धरून डोळा फळीला लावून हळूहळू ठोकळा पुढे आणला. डावीकडची सुई भोकाच्या बरोबर मध्यात शिरते. सहाव्या ओळीत थोडी एका बाजूला. दहाव्या ओळीत भोकाच्या काठाला घासते. बाराव्यात सरळ पुठ्ठ्यावरच जाऊन टेकते आणि मागे रेटली जाते. भोक आहे, पण सुईसमोर नाही. आणि मेमध्ये याच पत्त्यावर, याच भोकातून ती जात होती. इथे येऊन थांबलो आहे.

शिवण_बांधणी | १४ जून, सकाळी ६.३०

मी बुकबाइंडर, कोल्हापूरला. यंत्रातलं कळत नाही, पण पुठ्ठ्यातलं कळतं. दादा, तुमच्याकडे पाऊस कधी झाला?

धोटा | १४ जून, सकाळी ७.०५

७ तारखेला पहिला. नंतर रोज संध्याकाळी. दुकानाला पत्रा आहे, ओल येते.

थांबा. गेल्या आठवड्यापासूनच.

शिवण_बांधणी | १४ जून, सकाळी ७.५०

तेच विचारणार होते. पुठ्ठा फुगला आहे. पण सगळीकडे सारखा फुगत नाही, त्यातलं गणित बघा.

कागद किंवा पुठ्ठा बनतो तेव्हा त्यातले तंतू यंत्राच्या दिशेने झोपतात. ओल लागली की तंतू जाड होतो, लांब फारसा होत नाही. म्हणून पुठ्ठा तंतूंच्या दिशेने जवळपास तेवढाच राहतो आणि त्यांच्या आडव्या दिशेने वाढतो. आम्ही वहीचा पुठ्ठा कापताना आधी हे बघतो. तंतू पाठीच्या कण्याला समांतर हवेत, नाहीतर पावसाळ्यात कव्हर वाकडं होतं आणि गिऱ्हाईक परत घेऊन येतं. माझ्या सासऱ्यांनी मला पहिल्या दिवशी हेच शिकवलं, सुई-दोरा नंतर हातात दिला.

दिशा ओळखायची कशी? पुठ्ठ्याचा चौकोनी तुकडा घ्या, दोन्ही हातांनी हलका वाकवा. मग चौथाई फिरवून परत वाकवा. एका बाजूने सहज वाकेल, दुसरीकडे ताठ लागेल. सहज वाकताना घडीची जी रेघ दिसते, तिला समांतर तंतू. पातळ पुठ्ठा असेल तर एका बाजूने ओलं बोट फिरवा, तो गुंडाळी करेल. गुंडाळीच्या लांबीच्या दिशेने तंतू.

माझा अंदाज, तुमच्या पत्त्यांची लांबी तंतूंना आडवी कापली गेली आहे. आणि खुंटी फक्त डावीकडे, म्हणजे सगळी वाढ उजवीकडे ढकलली जाते. डावीकडे शून्य, शेवटच्या ओळीत सगळ्यात जास्त. तुम्ही टॉर्चने जे बघितलं ते हेच.

बीमवाला | १४ जून, सकाळी ८.२०

अण्णा म्हणतात, मोठ्या सिलेंडरला दोन्ही टोकांना खुंट्या असतात त्या याच्यासाठीच. पत्ता दोन्हीकडनं धरला की जास्तीत जास्त मध्ये थोडा फुगारा येतो, सगळा एका टोकाला सरकत नाही. पावसाळ्यात पत्त्यांची माळ चुलीच्या बाजूला वाळवायला ठेवायचे, हे त्यांना आत्ता आठवलं.

लोलक | १४ जून, सकाळी ९.००

मोजा, धोटाभाऊ. व्हर्नियर, बारीक माप घ्यायचं, असेलच. एक पत्ता कोरडा, एक ओला.

गणिताच्या_बाई | १४ जून, दुपारी १२.४०

तीन दिवस नुसती वाचते आहे. सोलापुरातच सातवी-आठवीला गणित शिकवते. धोटाभाऊ, हे यंत्र एकदा वर्गात आणाल का? तीन हुकांचं दाखवलं तरी चालेल. प्रत्येक जागी भोक असेल किंवा नसेल, दोनच शक्यता. एका हुकाला २ प्रकारचे पत्ते, दोन हुकांना ४, तीन हुकांना ८. ४८ हुकांना २ चा ४८ वा घात, म्हणजे २८१ लाख कोटींहून जास्त वेगळे पत्ते. पाढ्यासारखं पाठ केलेलं घातांकाचं प्रकरण मुलांना डोळ्यांनी दिसेल.

माझ्या वर्गातल्या निम्म्या मुलांच्या घरात कोणी ना कोणी मागावर आहे. ती मुलं घरच्या कामाबद्दल वर्गात बोलत नाहीत. त्यांच्या घरातलं यंत्र फळ्याच्या शेजारी उभं राहिलेलं मला बघायचं आहे.

धोटा | १६ जून, रात्री ११.२०

उत्तर मिळालं. सविस्तर लिहितो, कारण यात सगळ्यांचा हात आहे.

आधी वाकवून बघितलं. शिवणताई, तुम्ही म्हणालात तसंच. मिठाईचं खोकं उकलल्यावर ज्या बाजूने जास्त पत्ते निघत होते त्या बाजूने मी कापले, दिशा बघितलीच नव्हती. सगळ्या पत्त्यांची लांबी तंतूंना आडवी.

मग मोजलं. एक पत्ता रात्रभर तांदळाच्या घट्ट डब्यात ठेवला, एक ओल्या पंचाजवळ झाकून. खुंटीच्या भोकापासून बाराव्या ओळीपर्यंत डब्यातला पत्ता १२० मिलिमीटर. ओलसर पत्ता १२१. सुईची जाडी २ मिलिमीटर, भोक ३ चं. सुई मध्यात असेल तर दोन्ही बाजूंना अर्धा-अर्धा मिलिमीटर मोकळा, आणि पत्ता सरकला एक. म्हणजे धडकणारच. डब्यातला पत्ता लगेच यंत्रावर चढवला, १२ च्या १२ ओळी बरोबर उठल्या. नंतर पाच मिनिटं तो पत्ता हातात घेऊन बसलो होतो.

दुरुस्ती अशी केली. नवे पत्ते तंतूंच्या दिशेने लांब कापले. चपडा लाख स्पिरिटमध्ये विरघळवून दोन हात दिले. दुकानात असतोच, कॉइलला लागतो. ठोकळ्याचं तडकलेलं लाकूड कोरून तिथे सागाचा तुकडा बसवला आणि उजवी खुंटी परत घातली. त्या बाजूचं खुंटीचं भोक पत्त्याला किंचित लांबट ठेवलं, म्हणजे थोडी वाढ झाली तरी पत्ता ताणून फाटणार नाही. आज संध्याकाळी चांगला पाऊस पडत असताना ६० पत्ते फिरवले. एकही हुक चुकला नाही.

आता रंगांचं. नवे पत्ते पाडताना भोकं उलटी करायची असं ठरवलं होतं, फुलाच्या जागी कोरं आणि बाकी सगळीकडे भोकं. पण वीस पत्ते पाडून झाल्यावर हँडल एवढं जड लागलं की हात थांबला. म्हणून सगळे पत्ते जुन्याच नक्षीने पाडले, रंग उलटे तर उलटे.

काल आई दुकानात आली होती. ती ७६ ची आहे. लग्न होऊन आल्यापासून गुडघे दुखेपर्यंत तिने कांड्या भरल्या. आडवा धागा ज्या कांडीवरून सुटतो त्या कांड्या, दिवसाला शेकड्याने, चरख्यासमोर खाली बसून. मागाच्या वर काय असतं ते तिने कधी बघितलं नव्हतं. बायका खालीच बसायच्या. स्टूल ठेवून तिला वरून हुक दाखवले, एक सुई बोटाने रेटून दाखवली. तिने स्वतः रेटून बघितली, दुसरी रेटली, मग पुरती एक रांग रेटली. काही बोलली नाही. नंतर हँडल तिने हातात घेतलं, मी धोटा सरकवत होतो.

फूल अर्धं झाल्यावर मी म्हटलं, रंग उलटे आलेत गं. ती खाली वाकली, विणलेल्या पट्टीखाली हात घातला आणि पट्टी उचलून खालची बाजू मला दाखवली. पांढऱ्यावर मरून फूल, जसं मला हवं होतं तसं. म्हणाली, "चादर मागावर पालथीच असते. तू वरून काय बघतोस?"

माझे वडील ३० वर्षं मागावर होते, मी पाच महिने या यंत्राशी होतो, आणि ही गोष्ट मला आईने सांगितली. कापलेली चादर दशा बांधायला तिच्यासमोर यायची तेव्हा ती उलटून सुलटी करावी लागायची, तिथून तिला माहीत.

बीमवालादादा, अण्णांना विचाराल का, पालथी का विणतात? मला वाटतं त्या जड हँडलचाच संबंध आहे.

बीमवाला | १७ जून, सकाळी ७.१५

विचारलं. अण्णा हसले. म्हणाले, आईंना माझा दंडवत सांग.

हँडलचंच कारण. फूल लहान, मोकळी जागा मोठी. फुलाच्या जागी भोकं ठेवली तर थोडेच हुक उचलायला लागतात. सुलटी विणायची तर मोकळ्या जागेचे सगळे हुक दर वेळी उचलायचे. यंत्रावर ताण, दोऱ्यांवर ताण, धागेबी जास्त तुटतात. म्हणून नक्षीची बाजू खाली. त्यात एकच लक्ष ठेवायचं, खालच्या बाजूची चूक विणताना दिसत नाही. अण्णा आरसा ठेवायचे खाली, खिशातला. दाढीचा.

शिवण_बांधणी | १७ जून, सकाळी ८.४०

आरसा! आम्ही शिवणीच्या मागचे टाके बघायला तेच करतो.

धोटा | १७ जून, रात्री ९.३०

आज आरसा लावला. मागच्या बाजूने दोन जागी धागा लोंबताना दिसला. मोठ्या मोकळ्या जागेत मधे बांधणीचे ठिपके, म्हणजे लांब धागा मधेच अडकवणाऱ्या जागा, घ्यायचे राहिले होते. ते दोन पत्ते बदलले.

पट्टी मागावरून काढली. २२ इंच, चार फुलं. आईने दोन्ही टोकांच्या दशांना गाठी मारून दिल्या, चार-चार धाग्यांची एक, सगळ्या एका उंचीवर, फूटपट्टी न लावता. बाई, सोमवारी सकाळी साडेअकराला यंत्र रिक्षात घालून घेऊन येतो. टेबल भक्कम लागेल, डुगडुगतं नको. आई येणार आहे. कांडी कशी भरतात ते ती दाखवणार आहे, तेव्हा चरख्याला जागा ठेवा, खाली, जमिनीवर.